शाबासकी, तारे आणि ‘महिन्याचा मानकरी’: यांनी खरंच कुणाला उभारी येते का?

गिअरबॉक्स

मंडळी, धागा काढण्याचं कारण सांगतो. आमच्याकडे कर्मचाऱ्यांचा उत्साह वाढवायची मोहीम निघाली आहे. दर महिन्याला एक मानकरी, त्याचा फोटो फलकावर, ग्रुपवर टाळ्यांचे इमोजी आणि अधूनमधून बाहेरच्या वक्त्याचं भाषण. माझ्या टीममधून नाव सुचवायचं काम माझ्या गळ्यात. ज्याला मान मिळतो तो ओशाळतो, बाकीचे कोपरखळ्या मारतात आणि दोन दिवसांत सगळं जैसे थे.

बायको शिक्षिका आहे. तिच्या शाळेत नीट लिहिलेल्या वहीला तारा चिकटवतात, ठरावीक तारे जमले की बक्षीस. तिचं म्हणणं, मुलं आता आधी विचारतात, “बाई, याला तारा आहे का?” नाही म्हटलं की वही मिटली.

यावर कुणी खरंच तपासून पाहिलंय का, की सगळा अंदाजपंचे कारभार आहे? आणि ज्यांनी वर्ग किंवा टीम सांभाळली आहे ते प्रत्यक्षात काय करतात? सुविचार नकोत, ते फलकावर भरपूर आहेत.

अवलिया

जागा धरून बसतो आहे. वक्त्यांबद्दल कुणीतरी लिहाच.

पृथक्करण

तपासलंय, आणि त्यावरून पन्नास वर्षं भांडणंही झाली आहेत.

वहिनींची तक्रार जशीच्या तशी १९७३ सालच्या एका प्रयोगात सापडेल. मार्क लेपर, डेव्हिड ग्रीन आणि रिचर्ड निस्बेट यांनी बालवाडीतली अशी मुलं निवडली की ज्यांना स्केचपेननं चित्रं काढायला मुळातच आवडत होतं. एका गटाला आधी सांगितलं, चित्र काढलंत तर प्रमाणपत्र मिळेल. दुसऱ्या गटाला काही न सांगता चित्र झाल्यावर प्रमाणपत्र दिलं. तिसऱ्याला काहीच नाही. एक-दोन आठवड्यांनी मोकळ्या वेळात कोण आपणहून पेन उचलतं ते काचेआडून पाहिलं. ज्यांना आधी कबूल केलं होतं ती मुलं बाकीच्यांच्या साधारण निम्माच वेळ चित्रांपाशी थांबली. ज्यांना अचानक प्रमाणपत्र मिळालं होतं त्यांची गोडी कमी झाली नव्हती.

त्याच्या दोन वर्षं आधी, १९७१ मध्ये, एडवर्ड डेसी यांनी कॉलेजच्या विद्यार्थ्यांवर ठोकळ्यांच्या कोड्याचा असाच प्रयोग केला होता. कोडं सुटल्याचे पैसे मिळाले, मग पैसे बंद झाले, तेव्हा मधल्या सुटीत कोड्याला हात लावणं त्यांनी कमी केलं.

लगेच ‘बक्षीस वाईट’ असा निष्कर्ष काढू नका. १९९४ मध्ये कॅमेरॉन आणि पिअर्स यांनी झाडून सगळे अभ्यास एकत्र केले आणि म्हटलं, नुकसान फारसं होत नाही. १९९९ मध्ये डेसी, कोस्टनर आणि रायन यांनी १२८ प्रयोग एकत्र घेऊन उलट सांगितलं: आधी कबूल केलेलं, हातात पडणारं बक्षीस आवड कमी करतं. तोंडी कौतुकानं मात्र तसं होत नाही, मोठ्या वयात तर ते मदतच करतं. दोन्ही बाजू वाचल्यावर माझं मत असं झालं की वाद ज्या कामांबद्दल आहे ती मुळात रंजक कामं आहेत. ज्या कामात आवड नव्हतीच, तिथे बक्षिसानं कमी काय होणार? फायली लावायच्या असतील तर खुशाल बक्षीस ठेवा.

टोकदार

हे सगळं छान. पण पगार वेळेवर आणि पुरेसा द्यायच्या ऐवजी ‘आंतरिक प्रेरणा’ शिकवणारे व्यवस्थापक मी बघितले आहेत. फलकावरचा फोटो फुकटात पडतो म्हणून तर लावतात. आधी पैसे काढा, मग तत्त्वज्ञान सांगा.

पृथक्करण

टोकदार, तुमच्या बाजूनं एक आणि विरुद्ध एक, असे दोन्ही पुरावे देतो, म्हणजे भांडण रंगेल.

फ्रेडरिक हर्झबर्ग यांनी १९५९ मध्ये इंजिनियर आणि हिशेबनीसांच्या मुलाखतींवरून मांडलं की पगार, नियम, वरिष्ठाची वागणूक, कामाची जागा या गोष्टी बिघडल्या की माणूस वैतागतो. त्या सुधारल्या की वैताग जातो, पण तेवढ्यानं कामाची ओढ लागत नाही. ओढ लागते ती काम जमल्याच्या समाधानानं, जबाबदारीनं, शिकायला मिळाल्यानं. मांडणीवर टीका बरीच झाली (माणूस चांगल्याचं श्रेय स्वतःला देतो आणि वाईटाचं खापर कंपनीवर फोडतो, मुलाखतीत असंच निघणार), पण वैताग आणि ओढ ही दोन वेगळी खाती आहेत हे मला पटतं. तुमचं म्हणणं पहिल्या खात्याचं आहे आणि ते आधीच यायला हवं, कबूल.

आता विरुद्ध. २००० साली ग्नीझी आणि रुस्तिचिनी यांनी शाळकरी मुलांना दारोदार देणगी गोळा करायला पाठवलं. एका गटाला नुसतं कामाचं महत्त्व सांगितलं, एकाला जमलेल्या रकमेच्या १ टक्का देऊ केला, एकाला १० टक्के. सर्वांत जास्त देणगी कुणी आणली? काहीच न मिळणाऱ्यांनी. १० टक्केवाले त्यांच्या मागे आणि १ टक्कावाले सगळ्यांच्या मागे. द्यायचं तर पुरेसं द्या, चणे-फुटाणे देऊन अपमान करू नका, असा मी अर्थ घेतला.

टोकदार

चणे-फुटाण्यांवर एकमत झालं, वाद मिटला. आमच्याकडे वार्षिक बक्षीस म्हणून चावीची साखळी मिळाली होती, कंपनीचं नाव कोरलेली.

रात्रपाळी

मी एका मोठ्या रुग्णालयात वॉर्डची जबाबदारी सांभाळते. ‘उत्साह नाही’ हे वाक्य मी वरच्या लोकांकडून इतक्यांदा ऐकलंय की आता उलट विचारते, “काल या मुलीची ड्यूटी किती वाजता संपली ते पाहिलंत का?” उत्साह नसतो असं नाही, झोप नसते.

आमच्याकडेही पोस्टर लागली, योगाचा तास झाला, दोन-तीनदा केकही कापला. फरक पडला तो वेगळ्याच गोष्टीनं. पाळ्यांचा तक्ता आदल्या रात्री लागायचा, तो दोन आठवडे आधी लावायला लागलो आणि आपसात पाळी बदलून घ्यायची मुभा दिली. खर्च शून्य. माणसं तीच, काम तेवढंच, पण घरी ‘मी त्या दिवशी आहे’ असा शब्द देता येऊ लागला. रजेचे अर्ज कमी झाले. चेहरे बदलले हे मोजता येत नाही म्हणून लिहीत नाही.

जागतिक आरोग्य संघटनेनं २०१९ मध्ये बर्नआउटची व्याख्या केली. ताकद संपल्यासारखं वाटणं, कामाबद्दल मन उडणं किंवा कडवटपणा येणं, आणि आपल्या हातून नीट काही होत नाही असं वाटणं, अशी तीन लक्षणं. त्यांनी त्याला आजार म्हटलेलं नाही, कामाच्या ठिकाणच्या ताणाची नीट हाताळणी न झाल्याचा परिणाम म्हटलंय. म्हणजे इलाज कामाच्या ठिकाणी करायचा. योगाचा तास चांगलाच, पण तो पाळी संपल्यावर ठेवला होता. सगळ्या उभ्या-उभ्या डुलक्या घेत होत्या.

सांजवेळ

रात्रपाळीताई, तक्त्याचं वाचून बरं वाटलं. आमच्याकडे हा मुद्दा उचलायलाच कुणी धजत नाही.

कोरीपाटी

मी प्राथमिकला शिकवते. गिअरबॉक्सच्या घरच्या बाईंना माझा नमस्कार सांगा, कारण तारे बंद करणं हे तारे सुरू करण्यापेक्षा कितीतरी अवघड असतं. एकदम बंद केले की मुलांना शिक्षा झाल्यासारखं वाटतं. मी हळूहळू केलं. आधी ‘इतके तारे म्हणजे बक्षीस’ हा हिशेब काढून टाकला. मग तारा कशाला द्यायचा ते मुलांवर सोपवलं: स्वतःच्या पानावरची जी ओळ सगळ्यांत चांगली जमली तिच्यापुढे स्वतःच चिकटवा आणि का चिकटवलात ते मला सांगा. सुरुवातीला प्रत्येक ओळीला तारा. मग मुलं थबकायला लागली. एकानं सांगितलं, “हे अक्षर चांगलं नाहीये बाई, पण हे वाक्य मी स्वतः तयार केलंय.”

दुसरी गोष्ट मार्कांची. रूथ बटलर यांचा १९८८ चा अभ्यास शिक्षकांनी वाचावाच. पाचवी-सहावीच्या मुलांपैकी काहींना फक्त मार्क, काहींना फक्त शेरा, काहींना दोन्ही. शेरावाल्यांची गोडी टिकली आणि पुढचं काम सुधारलं. मार्क आणि शेरा दोन्ही मिळालेल्यांची गत फक्त मार्कवाल्यांसारखीच झाली. मार्क दिसला की शेरा कोण वाचतो! मोठी माणसं तरी वाचतात का? वार्षिक मूल्यमापनाच्या कागदावर आधी कुठे नजर जाते ते आठवा.

म्हणून मी वही दोनदा देते. आधी शेरा देऊन, सुधारून परत आली की मग मार्क. पालक आधी चिडले. “किती मिळाले ते सांगा ना.” उद्या सांगते म्हणायचं आणि खरंच उद्या सांगायचं.

अवलिया

कोरीपाटीताई, तुमच्या वर्गात प्रवेश कसा मिळेल? वय आडवं येईल का?

पृथक्करण

ताईंच्या मुद्द्याला मोठ्यांच्या जगातलाही आधार आहे. क्लुगर आणि डेनिसी यांनी १९९६ मध्ये अभिप्रायावरचे शेकडो निकाल एकत्र केले. सरासरीनं कामगिरी सुधारते, पण एक तृतीयांशाहून जास्त वेळा अभिप्रायानंतर ती खालावली. त्यांचं स्पष्टीकरण असं की अभिप्रायामुळे लक्ष कामावरून उठून ‘माझी किंमत काय’ इकडे गेलं की घात होतो. मग तो अभिप्राय गोड असो की कडू.

गिअरबॉक्स

भरपूर मिळालं. आता ज्याच्यासाठी मी खरा धागा काढला ते लिहितो. टीममध्ये एक जण आहे, कामाला पक्का, पूर्वी बैठकीत सगळ्यांत जास्त बोलणारा. गेले काही महिने गप्प. दिलेलं तेवढं करतो, विचारलं तर “ठीक आहे” म्हणतो. वरून सूचना आली की याला ‘मोटिव्हेट’ करा. म्हणजे नेमकं काय करू?

तिसरीघंटा

मी मुख्याध्यापक म्हणून निवृत्त झालो. शाळेचं सांगतो, तुमच्याकडे लागू पडतं का पाहा.

काम न करणारं मूल समोर आलं की आम्ही शिक्षक लगेच ‘आळशी’ म्हणतो. त्यात चौकशी संपते. मी शिक्षकांना सांगायचो की त्याला ते जमत नाहीये, की पटत नाहीये, की झेपत नाहीये, हे आधी शोधा. गणित न करणाऱ्याला भागाकारच येत नसेल तर त्याला स्फूर्ती देऊन काय उपयोग? त्याला भागाकार शिकवा. ज्याला येतं पण ‘हे कशाला करायचं’ असं वाटतं त्याला कारण हवं, किंवा त्याच्या ताकदीचं गणित हवं. आणि ज्याच्या घरी रात्रभर भांडणं चालतात त्याला आधी श्वास घेऊ द्या. तिघांच्याही वह्या कोऱ्याच दिसतात.

तुमच्या माणसाला विचारा, पण “काय झालंय तुला?” असं नको. त्या प्रश्नाचं उत्तर “काही नाही” हेच असतं.

रात्रपाळी

सरांच्या तिन्हींत एक चौथं घाला: भीती. बोलून पूर्वी कधी तोंड पोळलंय का?

टोकदार

आणि पाचवं: त्याला दुसरीकडे नोकरी मिळाली आहे. 😀

गिअरबॉक्स

रात्रपाळीताई, तुमच्या प्रश्नावर थबकलो. त्यानं मागे एक सुचवणी केली होती, लेखी, आकडेमोडीसकट. वरून उत्तर आलं नाही. ना हो, ना नाही. नंतर तीच कल्पना दुसऱ्या विभागाच्या नावानं आली.

तिसरीघंटा

मग तो गप्प बसला यात नवल काय? शहाणा आहे.

पृथक्करण

इथे एक गोष्ट सांगण्यासारखी आहे. सेलिगमन आणि मायर यांनी १९६७ मध्ये कुत्र्यांवर प्रयोग करून दाखवलं होतं की आपण काहीही केलं तरी फरक पडत नाही असा अनुभव वारंवार आला, की सुटका शक्य असतानाही प्राणी प्रयत्न सोडतो. पाठ्यपुस्तकांत हेच आहे. पण त्याच दोघांनी २०१६ मध्ये मेंदूवरच्या नव्या संशोधनाच्या आधारे आपला सिद्धांत उलटा केला: सततच्या त्रासात निष्क्रिय होणं ही आपोआप येणारी प्रतिक्रिया आहे, ती शिकावी लागत नाही. शिकावं लागतं ते ‘माझ्या हातात काहीतरी आहे’ हे. पन्नास वर्षांनी स्वतःच्याच गाजलेल्या सिद्धांताला असं वळण देणारे लोक मला फार आवडतात, ते असो.

तुमच्या माणसापुरतं याचं भाषांतर असं की त्याला बोलतं करण्याआधी, त्याच्या बोलण्यानं काहीतरी हललं असा पुरावा त्याला मिळायला हवा. छोटा का असेना. टेरेसा अमाबिले आणि स्टीव्हन क्रेमर यांनी २३८ कर्मचाऱ्यांच्या जवळपास १२,००० रोजनिशी नोंदी तपासल्या, तेव्हा चांगल्या दिवसांशी सर्वांत जास्त जोडलेली गोष्ट निघाली ती म्हणजे महत्त्वाच्या कामात त्या दिवशी थोडी प्रगती झाली असणं. म्हणजे तुमचं काम त्याच्या वाटेतले धोंडे उचलणं.

गिअरबॉक्स

म्हणजे वरच्यांना विचारून ती सुचवणी कुणाची होती ते लेखी मांडून घ्यायचं. अवघड आहे, पण निदान करण्यासारखं काहीतरी हाती आलं.

टोकदार

ते कराच. आणि झालं नाही तर त्याला तसं स्पष्ट सांगा, “मी विचारलं, नाही म्हणाले.” निम्मी माणसं उत्तर नकारार्थी आलं म्हणून तुटत नाहीत, आलंच नाही म्हणून तुटतात. (‘निम्मी’ हा आकडा माझ्या पदरचा, पृथक्करण साहेबांनी पुरावा मागू नये.)

अवलिया

वक्त्यांवर कुणी लिहिलंच नाही, मीच लिहितो. आमच्याकडे एक आले होते, स्टेजवर पळत आले. अर्धा तास आम्हाला शेजाऱ्याला टाळी द्यायला लावली. शेजारी माझा बॉस होता.

सांजवेळ

अवलिया, हसून पुरे. पण बाहेरून माणूस आणून उपयोग झाल्याचं एक उदाहरण माझ्याकडे आहे. अ‍ॅडम ग्रँट आणि सहकाऱ्यांनी २००७ मध्ये प्रसिद्ध केलेला अभ्यास. एका विद्यापीठासाठी फोनवरून देणग्या मागणारे कर्मचारी, दिवसभर नकार ऐकणारे. त्यांच्यातल्या काहींची एका विद्यार्थ्याशी काही मिनिटांची भेट घडवली. त्याच देणग्यांतून त्याला शिष्यवृत्ती मिळाली होती. महिन्याभरानं त्या गटाचा फोनवरचा वेळ १४२ टक्क्यांनी आणि जमलेली रक्कम १७१ टक्क्यांनी वाढलेली होती. त्याच विद्यार्थ्याचं नुसतं पत्र वाचलेल्यांत असा फरक दिसला नाही.

हे वाचल्यावर मी आमच्या बिलिंगच्या मुलांना एकदा ग्राहक-तक्रारींच्या टेबलावर बसवलं. ‘हा रकाना का भरायचा’ हा प्रश्न परत आला नाही. खूप मोठं काही झालं असा दावा नाही.

टोकदार

लक्ष्यांबद्दल कुणी बोललेलं नाही. लॉक आणि लॅथम यांचं संशोधन सगळे मॅनेजर तोंडावर फेकतात: नेमकं आणि कठीण लक्ष्य द्या, कामगिरी वाढते. वाढतेच, खोटं नाही. पण काय वाढतं ते बघा. अमेरिकेत वेल्स फार्गो बँकेत एकेका ग्राहकाला आठ खाती-योजना विकायचं लक्ष्य होतं. २०१६ मध्ये बाहेर आलं की कर्मचाऱ्यांनी ग्राहकांना न विचारता लाखो खाती उघडली होती. १८.५ कोटी डॉलरचा दंड झाला आणि सुमारे ५,३०० जणांना काढलं गेलं. ती माणसं प्रेरित नव्हती असं कोण म्हणेल?

शाळेतही तेच. निकाल शंभर टक्के लागलाच पाहिजे म्हटलं की कच्ची मुलं परीक्षेआधीच गळायला लागतात.

तिसरीघंटा

टोकदार, शेवटच्या वाक्याशी दुर्दैवानं पूर्ण सहमत.

लक्ष्य द्यायचं तर ज्याच्यावर मुलाचा ताबा आहे अशा गोष्टीचं द्यावं. अर्थतज्ज्ञ रोलंड फ्रायर यांनी अमेरिकेतल्या शहरांत मुलांना चक्क पैसे देऊन पाहिले, निकाल २०११ मध्ये छापले. न्यूयॉर्कमध्ये चाचण्यांतल्या गुणांसाठी आणि शिकागोत विषयांच्या श्रेणीसाठी पैसे दिले, परीक्षेतले मार्क हलले नाहीत. डॅलसमध्ये दुसरीच्या मुलांना पुस्तक वाचून प्रश्नांची उत्तरं दिल्यावर पुस्तकामागे २ डॉलर दिले, तिथे वाचनाचं आकलन सुधारलेलं दिसलं. निकालावर पैसे लावलेल्या मुलांना विचारलं की मार्क कसे वाढवशील, तर त्यांना धड सांगता येईना. हाव होती, वाट माहीत नव्हती. आम्ही ‘अजून मेहनत कर’ म्हणतो तेव्हा मुलाच्या कानावर तेच पडतं.

कोरीपाटी

“मेहनत कर” वरून आठवलं. म्युलर आणि ड्वेक यांच्या १९९८ च्या प्रयोगानं शिक्षकांच्या प्रशिक्षणात धुमाकूळ घातला. ‘तू हुशार आहेस’ असं कौतुक झालेली मुलं पुढे सोपी कोडी निवडू लागली, अपयश आल्यावर लवकर ढेपाळली आणि आपले गुण दुसऱ्या मुलांना कळवताना पाचातल्या जवळपास दोघांनी फुगवून लिहिले. ‘मेहनत घेतलीस’ असं ऐकलेल्यांत हे सगळं कमी होतं.

पण त्यातून जे पीक आलं ते भलतंच. पोस्टर्स, घोषणा आणि काहीही झालं तरी “प्रयत्न केलास ना, छान!” मुलं मूर्ख नसतात. चुकलेल्या गणितावर “प्रयत्न छान” ऐकलं की त्यांना कळतं, बाईंनी आपल्याला सोडून दिलंय. २०१८ च्या एका मोठ्या एकत्रित विश्लेषणात ‘मेहनतीनं बुद्धी वाढते’ या मानसिकतेचा मार्कांशी संबंध कमकुवतच निघाला. २०१९ मध्ये अमेरिकेतल्या साधारण १२,००० नववीच्या मुलांवर केलेल्या प्रयोगात हीच मानसिकता शिकवणाऱ्या, तासाभरापेक्षा कमी वेळाच्या ऑनलाइन पाठानं मागे पडलेल्या मुलांची श्रेणी साधारण ४ च्या मोजपट्टीवर जेमतेम ०.१ नं वाढली. शून्य नाही, चमत्कारही नाही.

मी आता कौतुक करताना विशेषणच काढून टाकते. “तू आधी आकृती काढलीस म्हणून तुला दिसलं” एवढंच. पुढच्या वेळी ते मूल आकृती काढतं.

नवखा

वाचनमात्र होतो, आज लिहितोय. मी कार्यशाळेत शिकाऊ मुलांना यंत्रावर तयार करतो. एक मुलगा हाताचा चांगला आहे, पण बिघडलेला तुकडा लपवतो. बाकड्याखाली सापडले. रागावलो तर आणखी लपवेल, न रागावता सोडलं तर बाकीचे बघतात. काय करावं?

तिसरीघंटा

तुकडा कसा बिघडला असं विचारलंत तर तो उत्तर द्यायला वेळ घेतो का? तुम्ही थांबता का? मेरी बड रो यांनी १९७० च्या दशकात वर्गांतली ध्वनिमुद्रणं तपासली. प्रश्न विचारल्यावर शिक्षक सरासरी एक सेकंद थांबत. तीन सेकंद किंवा जास्त थांबायला लागल्यावर मुलांची उत्तरं लांबली, ‘माहीत नाही’ कमी झालं आणि जी मुलं कधी बोलत नव्हती ती बोलू लागली. हुशार समजल्या जाणाऱ्या मुलांसाठी शिक्षक आधीपासून जास्त थांबत होते, हेही त्यात दिसलं. तुमच्या मुलाला तीन सेकंद मिळतात का ते मोजा.

नवखा

सर, प्रामाणिकपणे सांगायचं तर यंत्र चालू असताना तीन सेकंद म्हणजे फार होतात. यंत्र बंद करून विचारतो.

रात्रपाळी

नवखा, हा प्रश्न माझ्या धंद्यातला आहे, तुमच्याकडे तुकडा बिघडतो, आमच्याकडे औषध चुकतं.

एमी एडमंडसन या संशोधिकेनं नव्वदच्या दशकात रुग्णालयांतल्या टीम तपासल्या. अंदाज असा की चांगल्या टीममध्ये औषधांच्या चुका कमी असतील. आकडे आले उलटे, चांगल्या टीममध्ये नोंदलेल्या चुका जास्त! नंतर उलगडा झाला की चुका जास्त होत नव्हत्या, तिथल्या नर्स त्या सांगत होत्या. बाकीच्या वॉर्डांत झाकल्या जात होत्या. म्हणून नोंदी शून्य दिसल्या की मी खूश होत नाही, खोदून बघते.

आम्ही एक साधा नियम पाळतो. चूक आपणहून सांगितली तर पहिला प्रश्न “रुग्ण कसा आहे?” आणि दुसरा “तेव्हा तुझ्यासमोर काय काय चाललं होतं?” ‘कुणी केलं’ आणि ‘का केलंस’ त्या वेळी विचारायचंच नाही. लपवलेली सापडली तर बोलणी बसतात, पण लपवल्याबद्दल, चुकीबद्दल नाही. हा फरक सगळ्यांना आधी सांगून ठेवलेला असतो, त्यामुळे बाकीचे बघतात त्याचीही पंचाईत नाही.

तुम्ही बिघडलेले तुकडे ठेवायला उघडी जागा करा, सगळ्यांच्या नजरेसमोर, तुमचेसुद्धा त्यातच.

पृथक्करण

ताईंना जोड म्हणून: येगर आणि सहकाऱ्यांचा २०१४ चा अभ्यास. सातवीच्या मुलांचे निबंध दुरुस्त्या करून परत दिले. काहींच्या निबंधावर चिठ्ठी होती की माझ्या अपेक्षा उंच आहेत आणि तू तिथवर पोचशील हे मला माहीत आहे, म्हणून हे शेरे लिहितोय. इतरांच्या चिठ्ठीत नुसतं ‘हे शेरे तुझ्या निबंधासाठी’ अशा अर्थाचं. अमेरिकेतल्या कृष्णवर्णीय मुलांत निबंध पुन्हा लिहून आणणाऱ्यांचं प्रमाण १७ टक्क्यांवरून ७० टक्क्यांच्या वर गेलं. नमुना अगदी लहान होता, त्यामुळे आकड्याला फार चिकटू नका. दिशा पाहा.

टोकदार

आणि चिठ्ठी लिहिणाऱ्याला खरंच तसं वाटत नसेल तर?

पृथक्करण

त्या प्रयोगात शिक्षकांनी शेरे खरे लिहिले होते, चिठ्ठ्या आधीच त्यांच्या हस्ताक्षरात लिहून घेतल्या होत्या आणि कुणाला कोणती गेली हे त्यांनाही माहीत नव्हतं. चिठ्ठीखाली बारकाईनं केलेल्या दुरुस्त्या होत्या. नुसती चिठ्ठी आणि खाली कोरा कागद, असं कुणी करून पाहू नये.

नवखा

तुकड्यांसाठी पत्र्याचा ट्रे लावतो दरवाज्याजवळ. आज माझा एक गिअर बिघडलाय, तो पहिला टाकतो. मुलाला काय म्हणू ते अजून सुचत नाहीये.

रात्रपाळी

पहिल्या दिवशी काही म्हणू नका. तो ट्रेकडे बघतो का तेवढं बघा. तुकडा टाकलाच तर त्यावर माप लिहायला सांगा, किती मिलिमीटर गेला आणि कुठल्या कटाला. त्यावर बोलणं आपोआप सुरू होतं.